कपाटातल्या बाईचा उच्चार

टप्.

एवढासाच आवाज, पण तीन रजया आणि दोन हिवाळी कोट यांच्यामध्ये मांडी घालून, श्वास रोखून बसलेल्या बाईला तो दारावर कुणी लाथ घातल्यासारखा वाटतो. मी फोनवरचं लाल बटण दाबून रेकॉर्डिंग थांबवलं आणि कपाटाचं दार बोटभर उघडलं.

"नळ," मी कुजबुजले.

"मी नाही केलं," बाहेर पहाऱ्याला बसलेली माझी चार वर्षांची लेक तितक्याच हळू आवाजात म्हणाली. ओठांवरचं बोट तिनं अजून काढलेलं नव्हतं.

"तू नाही गं. आजीला सांग, दोरी सुटली."

आमच्या स्वयंपाकघरातला नळ गळतो. त्याच्या तोंडाला मी एक जाड दोरी बांधून ठेवते, म्हणजे थेंब दोरीवरून निमूटपणे खाली उतरतो. काम सुरू करण्याआधी माझी अशी बरीच तयारी असते. फ्रिजचं बटण बंद. पंखा बंद. भिंतीवरचं घड्याळ उशीखाली. फोन घडी केलेल्या टॉवेलवर, आणि त्याच्या माइकवर नवऱ्याचा धुतलेला मोजा. मोजा धुतलेलाच लागतो, हे मी एका दुपारी शिकले.

कामाचं म्हणाल तर ते असं. इंग्रजीतल्या दुर्मीळ, विचित्र, कुणाच्या सहसा तोंडी नसलेल्या शब्दांचं एक अ‍ॅप आहे. त्यात शब्दासमोरचं कर्ण्याचं चित्र दाबलं, की एक बाई तो शब्द दोनदा उच्चारते आणि मग मराठीत अर्थ सांगते. ती बाई मी.

तीन महिन्यांची परीक्षा होती. ती पार पडली तर पुढचे बारा हजार शब्द माझे. अट एकच: अ‍ॅपवर चढलेल्या शब्दांत तीन चुका सापडल्या की काम बंद.

दोन सापडून झाल्या होत्या.

पहिली 'पँडिक्युलेशन'. म्हणजे जांभई देत अंग ताणणं. लेकीला रात्रभर ताप होता, त्यानंतरची ती सकाळ. मी शब्द नीट म्हटला, अर्थ नीट सांगितला आणि शेवटी एक लांबलचक, खरीखुरी जांभई दिली. आमच्या तपासनीसांचा निरोप आला, 'उदाहरण देण्याची आवश्यकता नव्हती.' हे तपासनीस म्हणजे इंग्रजीचे कुणी निवृत्त मास्तर. त्यांचं माझं बोलणं फक्त लेखी चाले, आणि त्यांच्या निरोपांनाही लाल शाईचा वास येई.

दुसरी 'डिफेनेस्ट्रेशन'. मी अर्थ सांगितला, "एखाद्याला खिडकीतून बाहेर फेकणे," आणि पाठोपाठ सासूबाईंचा खणखणीत आवाज उमटला, "अगं बाई! कुणाला?" ते तसंच अ‍ॅपवर चढलं. ऐकणाऱ्यांना भलतंच आवडलं म्हणे, पण चूक ती चूक.

"फेकायचं कळलं," सासूबाई पुढे आठवडाभर म्हणत होत्या, "पण त्यासाठी शब्द करून ठेवायचा म्हणजे किती वेळा फेकत असतील!"

तर दोन झाल्या होत्या आणि परीक्षेचे नऊ दिवस उरले होते. हे काम मला हवं होतं. पैशाचं सोडा, चार वर्षं माझा आवाज 'तोंड उघड', 'हात धू', 'ते खाली ठेव' एवढ्यासाठीच वापरला जात होता. तो कुणालातरी दुसऱ्या कशासाठी हवा होता. कपाटात शिरले की मी घसा साफ करायचे, आणि त्या अंधारात लोकरीच्या वासात मला वाटायचं, आता आपण बोलणार आणि मध्ये कुणी रडणार नाही.

*

खालच्या मजल्यावर एक बारा वर्षांची मुलगी राहते. चष्मा नाकाच्या शेंड्यावर आणि नाक सदा पुस्तकात, म्हणून घरात आम्ही तिला चष्मेवालीच म्हणतो. शाळाशाळांची दुर्मीळ शब्दांची स्पर्धा होती आणि तिनं आमच्या अ‍ॅपवरून सहाशे शब्द पाठ केले होते. रोज संध्याकाळी ती सासूबाईंकडे यायची. सासूबाईंना इंग्रजी वाचता येत नाही, पण यादीतले मराठी अर्थ वाचता येतात आणि समोरच्याला धारेवर धरायची हौस तर उपजतच आहे.

अ‍ॅपमधली बाई म्हणजे मी, हे चष्मेवालीला माहीत नव्हतं. लपवायचं असं काही नव्हतं. सांगायचं राहून गेलं. मोज्यातून आणि रजयांतून गाळून आलेला माझा आवाज माझा वाटतच नाही. आणि मग तिनं एकदा त्या बाईचं वर्णन केलं. उंच. केस वर बांधलेले. गळ्यात मोत्यांचा सर. काचेच्या खोलीत बसते, समोर वाफाळती कॉफी. हे ऐकल्यावर मला सांगवेना. सासूबाईंनी माझ्या अंगातल्या, खांद्यावर दूध सांडलेल्या झग्याकडे पाहिलं आणि त्याही गप्प बसल्या. त्यांच्या गप्प बसण्यात भारी मजा होती.

स्पर्धेच्या आदल्या दिवशी, संध्याकाळी सहाच्या सुमाराला, मी टेबलावर लेकीला सूप भरवत होते. पलीकडे दोघींचं चाललं होतं.

"कालव्यातल्या होड्या बघत रिकामटेकडा उभा राहणारा."

"गॉनगूझलर!"

"बरोबर. आमच्याकडे एक आहे. पलीकडे इमारत बांधायला घेतल्यापासून खिडकी सोडत नाही. हिचा नवरा. आता पुढचा शब्द. जेवणाच्या टेबलावर गप्पा रंगवण्यात पटाईत असलेला माणूस."

"दे-इप-नो-सोफिस्ट!"

"माझावाला!" लेक सूप फवारत ओरडली.

माझ्या हातातला चमचा तिथंच थांबला.

त्या शब्दाचा दिवस मला लख्ख आठवला. यादीत प्रत्येक शब्दापुढं उच्चार लिहिलेला असतो. या एकापुढं होतं, 'स्वतः खात्री करून घ्यावी.' त्या दिवशी दुपारपासून इंटरनेट सारखं जात-येत होतं, सहाच्या आत यादी द्यायची, आणि लेक कपाटाच्या दाराला टेकून पेंगत होती. मी तो शब्द तीन तऱ्हांनी म्हणून पाहिला. तिन्ही खऱ्या वाटत होत्या. मग मी दार उघडून विचारलं, "सांग बघू, कुठला छान?"

तिनं डोळे मिटून माझ्याकडून पुन्हा तिन्ही उच्चार म्हणवून घेतले. मग म्हणाली, "मधला. तो उड्या मारतो."

मी मधला रेकॉर्ड केला. नंतर खात्री करू म्हटलं. नंतर सूप, ताप, कपडे, झोप. तपासनीसांनी तो मुकाट पास केला आणि माझ्या डोक्यातून पार गेला.

चमचा सासूबाईंच्या हातात देऊन मी स्वयंपाकघरात गेले आणि फोनवर दोन मोठे शब्दकोश उघडून ऐकले. दोन्हीकडे एकच. डाइप्-नॉसफिस्ट. उड्या नाहीत, काही नाही. मधल्या 'नॉ'वर जोर आणि पुढं सगळं घसरत जाणारं.

बाहेर येऊन मी शक्य तितक्या सहजपणे म्हटलं, "अगं, मला वाटतं ते डाइप्-नॉसफिस्ट आहे."

चष्मेवालीनं चष्मा वर सरकवला. तिचा चेहरा दयाळू झाला.

"काकू, राग नका मानू. पण अ‍ॅपवाली बाई असं नाही म्हणत."

"चुकली असेल ती."

"ती नाही चुकत. तिचं ते कामच आहे."

"हो ना," सासूबाई लेकीच्या तोंडात चमचा घालत म्हणाल्या. "तुला काय कळतं गं? शिकलेली बाई आहे ती. मोती घालते."

"आई, तुम्ही जरा..."

"आणि उद्या काही वाद झाला ना," चष्मेवाली म्हणाली, "तर परीक्षक अ‍ॅपच वाजवणार आहेत. नियमातच लिहिलंय. ती बाई म्हणेल ते बरोबर."

तेव्हा कुठं मला सगळं कळलं.

चष्मेवालीचं काही बिघडणार नव्हतं. ती चूक बोलेल, अ‍ॅप चूक बोलेल, तिला पूर्ण गुण. पण दुसरं एखादं पोर, ज्याला कुणी नीट शिकवलं असेल, ते उठून बरोबर बोलेल. मग परीक्षक कर्ण्याचं चित्र दाबतील आणि भरल्या सभागृहात माझा आवाज त्या पोराला सांगेल की तू चुकलास. आणि ते पोर खाली बसेल. अगदी ठाम आवाज होता तो. मला माहीत होतं.

दुसऱ्या बाजूला, गप्प बसले तर कुणाला काही कळणार नव्हतं. नऊ दिवस. मग बारा हजार शब्द.

"दोन झाल्यात ना?" सासूबाईंनी हळूच विचारलं. आता त्यांच्या आवाजात मजा नव्हती.

"दोन."

"मग?"

"मग काय," मी म्हटलं आणि तपासनीसांना पहिल्यांदाच फोन लावला.

*

पलीकडे भांडी घासल्याचा आवाज होता. मग नळ बंद झाला.

"बोला," म्हातारा, कोरडा आवाज म्हणाला.

मी कोण ते सांगितलं. शब्द सांगितला. बरोबर उच्चार सांगितला. उद्याची स्पर्धा सांगितली. मग एक श्वास घेऊन म्हटलं, "आणि तो मी खात्री न करताच दिला होता."

पलीकडे एक भांडं ओट्यावर ठेवल्याचा आवाज आला.

"अस्सं," ते म्हणाले. "म्हणजे मीही खात्री न करताच पास केला."

"तुम्ही?"

"बाई, सदतीस वर्षं इंग्रजी शिकवलं मी. तो शब्द आयुष्यात एकदाही तोंडातून काढला नव्हता. कशाला काढू? माझ्याकडे जेवायला येतंच कोण! तुमचं रेकॉर्डिंग ऐकलं. मला काहीतरी खटकलं. पण तुम्ही इतक्या खात्रीनं म्हटला होता की वाटलं, आपणच चुकत असू."

"ती खात्री माझी नव्हती," मी म्हटलं. "ती माझ्या मुलीची. चार वर्षांची आहे."

"तिला नोकरी द्यायला हवी," ते म्हणाले. हसले की खोकले, कळलं नाही. मग एकदम मास्तर झाले. "आत्ता सहा सदतीस. सातनंतर चढवलेलं उद्या रात्रीपर्यंत दिसत नाही. वीस मिनिटांत नवीन पाठवा. मी यंत्रासमोर बसतो."

"आणि तिसरी चूक?"

"आधी शब्द," ते म्हणाले आणि फोन ठेवला.

मी वळले. चष्मेवाली माझ्याकडे पाहत उभी होती. तोंड उघडं आणि चष्मा पुन्हा शेंड्यावर.

"तुम्ही?" ती म्हणाली.

"हो."

"अ‍ॅपवाली बाई?"

"हो गं."

तिनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "मोती?"

"नाहीत."

"काचेची खोली?"

"कपाटात बसते," माझी लेक अभिमानानं म्हणाली. "मी पहारेकरी."

चष्मेवाली खुर्चीवर बसली. अंगातली हवा गेल्यासारखी. मला तिची दया आली आणि माझीही. मग तिनं हळू आवाजात खरा प्रश्न विचारला. "काकू, मग बाकीचे पाचशे नव्याण्णव?"

"ते सगळे तपासलेले आहेत. एकूण एक."

"शप्पथ?"

"शप्पथ. आता गप्प बस आणि फ्रिजचं बटण बंद कर. टेबलामागे आहे."

त्यानंतर आमच्या घरात जे सुरू झालं त्याला वाट्टेल तो शब्द शोधा. सासूबाईंनी नळाला दोरी बांधली, वर पदरचा एक फडका गुंडाळला. लेकीनं घड्याळावर उशी दाबली आणि स्वतःही उशीवर बसली. चष्मेवालीनं फ्रिजच्या ऐवजी आधी दिव्याचं बटण बंद केलं. अंधारात मी माझ्याच चपलेवर घसरले. दिवा लागला, फ्रिज गप्प झाला, मी कपाटात शिरले, दार ओढलं, मोजा चढवला. सहा अठ्ठेचाळीस.

"डाइप्-नॉसफिस्ट," मी म्हटलं. "डाइप्-नॉसफिस्ट. जेवणाच्या..."

खाडकन बाहेरचं दार उघडलं. "अरे, एवढी शांतता! कुणी आहे की नाही घरात?"

"श्शू!" तीन पिढ्या एकदम ओरडल्या.

मी दाराच्या फटीतून पाहिलं. नवरा उंबऱ्यात एका पायावर उभा होता. एक बूट पायात, दुसरा हातात. त्यानं बिचाऱ्यानं काही विचारलं नाही. लग्नाला सहा वर्षं झाली की माणूस तसाच उभा राहायला शिकतो.

पुन्हा लाल बटण. सहा एक्कावन्न.

"डाइप्-नॉसफिस्ट. डाइप्-नॉसफिस्ट. जेवणाच्या टेबलावर गप्पा रंगवण्यात..."

आणि त्या गडद शांततेत, जेवणाचं नाव ऐकताच, सकाळी आठला घराबाहेर पडलेल्या माझ्या नवऱ्याचं पोट बोललं. साधंसुधं नाही. दूरवर कुणी जड कपाट सरकवावं तसं, गडगडत, मध्येच थांबून, पुन्हा सुरू होत.

"बॉर्बरिग्मस," चष्मेवाली कुजबुजली. तिला राहवलंच नाही. "आतड्यांत वायू फिरल्याने होणारी पोटातली गुरगुर."

सासूबाईंनी तोंडावर हात दाबला, पण हसू नाकातून निसटलं. नवरा म्हणाला, "सॉरी," आणि तेही रेकॉर्ड झालं. मी कोटात तोंड खुपसून इतकी हसले की डोळ्यांतून पाणी आलं. मग ते थांबेना आणि मला कळेना की मी नक्की हसते आहे ना.

दार बोटभर उघडलं. लेक उशी सोडून आली होती. तिनं आत हात घालून माझ्या गुडघ्यावर थोपटलं. मी तिला झोपवताना थोपटते तसं.

"आई, हळूच म्हण," ती म्हणाली. "पळत नाही तो."

सहा पंचावन्न. नवऱ्याला सासूबाईंनी बुटासकट जिन्यात पाठवलं. मी डोळे पुसले, घसा साफ केला आणि हळूच म्हटला. दोनदा. मग अर्थ. एकही थेंब पडला नाही.

सहा अठ्ठावन्नला फाईल गेली. सात वाजून तीन मिनिटांनी तपासनीसांचा निरोप आला. 'सातच्या आत चढवला. उत्तम. पार्श्वभूमीला कुणीतरी नाक ओढले आहे. चालेल.'

*

दुसऱ्या दिवशी स्पर्धेत तो शब्द आलाच नाही.

चष्मेवाली दुपारी थेट आमच्याकडे आली. पाचव्या फेरीपर्यंत टिकली होती. मग परीक्षकांनी तिला विचारलं बॉर्बरिग्मस, आणि तिच्या डोळ्यांसमोर एका पायावर उभा असलेला माझा नवरा आला. ती हसायला लागली. वेळ संपली तरी हसतच होती.

"काकांमुळे गेला माझा नंबर," ती म्हणाली.

"मी काय केलं? मी तर सॉरीसुद्धा म्हटलं होतं," नवरा खिडकीतूनच म्हणाला. पलीकडे नवी क्रेन आली होती.

"गॉनगूझलर," सासूबाई म्हणाल्या. उच्चार अगदी चोख.

चष्मेवालीला फार वाईट वाटलेलं दिसत नव्हतं. जाताना दारात थांबून ती मला म्हणाली, "काकू, सभागृहात दोनदा वाद झाला. दोनदा तुम्हाला वाजवलं. सगळे एकदम गप्प झाले." मग जरा विचार करून, "मी कुणाला सांगितलं नाही हं, कपाटाचं."

संध्याकाळी तपासनीसांचा निरोप आला. मी तो उभ्या-उभ्या वाचला, कारण बसायचा धीर नव्हता.

'चुकांच्या फॉर्ममध्ये दोनच रकाने आहेत. श्रोत्याने पकडलेली आणि तपासनीसाने पकडलेली. ही दोन्हींत बसत नाही. स्वतःहून सांगितलेल्या चुकीसाठी रकाना केलेलाच नाही, कारण आजवर तशी वेळ आली नाही. वर विचारले आहे. वरचे लोक सावकाश उत्तर देतात. तोपर्यंत पुढची यादी सोबत जोडली आहे. ज्या शब्दांपुढे उच्चार नाही, ते आधी मला फोन करून विचारावेत. मीही शोधून ठेवीन.'

"म्हणजे राहिलं की गेलं?" सासूबाईंनी विचारलं.

"माहीत नाही. पण यादी आलीये."

"मग राहिलं," त्या म्हणाल्या आणि दोरी नीट आहे ना ते पाहायला उठल्या.

यादीतला पहिला शब्द होता 'लुन्युला'. नखाच्या मुळाशी असते ती पांढरी चंद्रकोर. मी लेकीला मांडीवर घेऊन तिच्या अंगठ्यावरची दाखवली. तिनं माझी पाहिली, आजीची पाहिली, बाबाला खिडकीतून ओढून आणून त्याचीही पाहिली. मग माझा फोन घेऊन तिनं अ‍ॅप उघडलं. अक्षरं येत नसली तरी तिला तिचा शब्द कुठं आहे ते ठाऊक होतं. तिनं कर्ण्यावर बोट ठेवलं.

"डाइप्-नॉसफिस्ट," मी फोनमधून म्हणाले.

तिनं पुन्हा दाबलं. मग फोन उलटा करून मागं पाहिलं.

"माझावाला कुठंय?"

"तो काढून टाकला, राणी. तो चुकीचा होता ना."

"पण तो होता."

"होता."

"सगळ्यांनी ऐकला होता. ताईला पाठ होता."

"हो गं."

तिनं फोन माझ्या हातात दिला. तिचं बोट आपोआप ओठांवर गेलं. मग हळूच, एकेक उडी वेगळी करत तिनं तो म्हटला. दे. इप. नो. सोफिस्ट.

"आई," ती म्हणाली, "मग आता याचा अर्थ काय?"